धोतरजोडीचा पडदा

आयुष्यातला पहिला मुका सिनेमा मी सासऱ्यांच्या धोतरावर पाहिला, आणि तोही मागच्या बाजूनं. धोतर नवं कोरं होतं आणि सासरे त्यात नव्हते, एवढं सुरुवातीलाच सांगून टाकते. नातसुनेला मी हे पहिलं वाक्य नुसतं सांगितलं तेव्हा ती चहा पिता पिता थांबली होती.

लग्नाला वर्ष होत आलेलं. माहेर माझं नगरात, सासर नगर तालुक्याच्या कोरड्या अंगाला, एस.टी.नं उतरून पुढं चालत जायचं गाव. लग्नात वडिलांनी मला शिवणाचं मशीन दिलं होतं. एस.टी.च्या टपावर ते गोणपाटात गुंडाळून बांधलं होतं, आणि वाटेत एस.टी. खड्ड्यातून गेली की वऱ्हाडातली माणसं आधी वर बघायची आणि मग माझ्याकडे.

तेव्हाची मी आता आठवते तेव्हा मला त्या पोरीची गंमत वाटते आणि थोडी काळजीही. अंगानं पाप्याचं पितर, पण चाल अशी की हिच्या मागून बँडबाजा येतोय. मुलीला शिवण येतं, असं तिच्या वडिलांनी बघायला आलेल्या प्रत्येकाला सांगितलं होतं. ते ऐकून ऐकून मुलीचाही त्यावर विश्वास बसला होता. खरी गोष्ट अशी की नगरला शिवणाच्या क्लासला बाईंनी आम्हाला आधी झबलं शिकवलं. त्यानंतर परकर होता. परकराच्या आधी माझं लग्न झालं.

सासूबाईंना आम्ही आत्याबाई म्हणायचो आणि सासऱ्यांना मामंजी. सासरी माझ्या हातात पहिलं कापड पडलं ते आत्याबाईंच्या चोळीचं. चोळी शिवून झाली आणि दिसायला ती चोळीसारखीच दिसत होती. आत्याबाईंनी ती घातली, फळीवरचा गुळाचा डबा काढायला गेल्या आणि हात खांद्याच्या वर जाईना. त्या डब्याकडे नुसत्या बघत उभ्या राहिल्या.

"पोरी, डबा काढ," त्या म्हणाल्या.

मी डबा काढून दिला.

"आता चोळीबी काढ."

तीही मलाच काढावी लागली. त्यांचे हात मागं जात नव्हते. मी तेव्हा मनात म्हणाले की कापडच आखूड होतं.

ननंदेचं लग्न ठरलेलं होतं, वैशाखात व्हायचं होतं. जेवणं झाली की तिला काय काय द्यायचं याची बोलणी निघायची. चोळीच्या दिवसापासून त्या बोलण्यांत माझं मशीन आलं.

"मशीन चालवनारीचं असतं," आत्याबाई म्हणाल्या. "ही कुठं चालवती. नुसतं पुसती. पुसायला हिला पितळंचा हंडा दिऊ आन् मशीन पोरीबरोबर धाडू."

मामंजी सुपारी कातरत होते. ते म्हणाले, "बघू."

ननंद माझ्याहून लहान, पण जिभेनं थोरली. दुसऱ्या दिवशी ती माझ्याजवळ येऊन गोड आवाजात म्हणाली, "वैनी, त्येल कोनतं घालता वो ह्याला? म्हंजी मला म्हाईत असलेलं बरं."

ते मशीन जाणं मला परवडण्यासारखं नव्हतं, आणि त्याचं कारण शिवण हे नव्हतंच. नव्या सुनेला घरात पाठ करून बसता येत नाही. कुणाकडे तरी तोंड, कुणासाठी तरी उठणं, सारखं चाललेलं असतं. मशीनपुढं मात्र पाठ करूनच बसावं लागतं. ते खिडकीजवळ ठेवलेलं होतं. पायाखाली पायटा हलत असला की मी काम करतेय असं घर समजायचं, मग मी खिडकीतून बाभळीवरचे होले बघत असले तरी. त्या घरात माझी म्हणावी अशी तेवढीच जागा होती. ती ननंदेबरोबर बैलगाडीत बसून जाणार होती.

अशात गावात सरकारी प्रचाराची मोटार आली.

दुष्काळाचे दिवस होते. माणसं दिवसभर खडी फोडायला जायची आणि संध्याकाळी पांढरी होऊन परत यायची. मोटारीत सिनेमाचं मशीन, वर कर्णा आणि सोबत एक ऑपरेटर. त्याला दाखवायचा होता कुटुंब लहान ठेवण्याचा सिनेमा. तो बघायला माणसं आपण होऊन बसत नाहीत, म्हणून त्यानं आधी दाखवायला जुनी, मुकी, पडापडीची रिळं जवळ ठेवली होती. सगळं होतं, पडदा नव्हता. पडदा मागच्या गावात वाऱ्यानं फाटला होता. ऑपरेटर म्हणाला, चावडीच्या भिंतीवर दाखवतो. चावडीची भिंत मातीची आणि शेणानं सारवलेली. तिच्यावर गोरी माणसं काय दिसणार?

मामंजी गावचे पोलीस पाटील. चारचौघांत कुणी अडलं की मामंजींना त्याला सोडवल्याशिवाय राहवायचं नाही. ते म्हणाले, "पडद्यासाठी शिनेमा कशाला अडतोय. आमच्यात नवी धोतरजोडी हाय. सून मशीनवर जोडून दील. शिवान शिकल्याली हाय ती, नगरात."

गावासमोर म्हणाले. घरी येऊन त्यांनी धोतरजोडी माझ्या पुढ्यात ठेवली. लेकीच्या लग्नात मांडवात नेसायला घेतलेली होती ती, बारीक लाल काठाची, दोन्ही पानं अजून घडीत. आत्याबाई दारात उभ्या होत्या. या वेळी त्या म्हणाल्या, "बघू."

मी दार लोटून बसले. दोन धोतरं लांबीला लांबी लावून जोडायची, एक वर, एक खाली. झबल्यापेक्षा सोपं काम, नुसती सरळ टीप. मला आठवतं, मी गुणगुणत होते. अर्ध्यावर दोरा तुटला. मी दुसरा ओवून तिथूनच पुढं गेले. गाठ मारायची असते हे मला ठाऊक होतं, पण एवढ्या मोठ्या कामात एका गाठीनं काय होणार आहे असं वाटलं. दोऱ्याची टोकं कापायला कात्री शोधली, सापडली नाही. टोकं तशीच लोंबत राहिली. मशीनचा वरचा दोरा सैल होता, त्यामुळं खालचा दोरा कापडाला धरतच नव्हता, नुसता एका रेषेत पडत चालला होता. शेवटी कापड उलटं करून पाहिलं तर खाली आखल्यासारखी रेघ. बाई असत्या तर त्यांनी कपाळाला हात लावला असता. मी स्वतःशीच म्हटलं, किती सरळ आलीय.

काठ आत दुमडायचे असतात हेही मला सुचलं नाही. दोन्ही लाल काठ बरोबर मध्यभागी वर आले होते.

दिवेलागण झाल्यावर चावडीपुढच्या दोन लिंबांच्या मध्ये पडदा ताणला. पुढं पुरुष बसले, मागं बायका. पडद्याच्या मागं म्हणजे खरोखरच मागं. सासऱ्यांच्या, दिरांच्या समोर बसून सिनेमा बघणं सुनांना शक्य नव्हतं, आणि धोतर पातळ असल्यानं मागूनही सगळं दिसायचं, फक्त डावं उजवीकडे आणि उजवं डावीकडे. मधेमधे इंग्रजी पाट्या यायच्या त्या आम्हाला उलट्या दिसायच्या. सुलट दिसल्या असत्या तरी आम्हाला फरक पडणार नव्हता. एक मात्र होतं. पुढून आम्ही कुणालाच दिसत नव्हतो. पदर डोक्यावर ठेवायचं कारण नव्हतं. थोड्या वेळानं पाहिलं तर माझ्या ओळीतल्या एकीच्याही डोक्यावर पदर राहिला नव्हता.

पहिलं रीळ सुरू झालं. मोटारीतल्या मशीनचा कडकडाट तेवढा ऐकू येत होता.

पुढून कुणीतरी विचारलं, "आवाज कुटं गेला?"

ऑपरेटर म्हणाला, "आवाज नसतो याला. मुके आहेत."

"समदेच?"

"सगळेच."

"आरारा," तो माणूस म्हणाला. थोड्या वेळानं दुसरा कुणीतरी म्हणाला, "एकाच गावचं आसत्याल."

मुकी माणसं भराभर चालत होती. प्रत्येकाच्या कंबरेला लाल पट्टा होता. काळ्यापांढऱ्या सिनेमात तेवढा एकच रंग, बारीक लाल दुहेरी काठाचा. पोलिसाला पट्टा, मडमेला पट्टा, घोडा आला तर घोड्यालाही पट्टा. शिवाय जिथं दोरा तुटला होता तिथं कापडाला चुणी पडली होती. माणूस चालत चालत मधोमध आला की त्याचं पोट आत जायचं, पुढं सरकला की पुन्हा बाहेर यायचं. पुढची माणसं प्रत्येक वेळी हसायची. त्यांना वाटलं, सिनेमाच तसा आहे. मी अंधारात बसून तो मान मनातल्या मनात स्वतःकडे घेतला.

ननंद माझ्या कानाशी लागून म्हणाली, "वैनी, शिवान लई दिसती वो तुमची. घोड्यावरसुदीक दिसती."

पहिल्या रिळात एकमेकांच्या तोंडावर दुधाच्या सायीनं भरलेली ताटं मारायचा प्रकार होता. पुरुष हसले. बायकांच्या बाजूला शांतता. आत्याबाई म्हणाल्या, "घरात म्हस दिसती ह्यांच्या. दोन तरी आसत्याल." मग दोन माणसं एक रबरी नळी घेऊन आली आणि एकमेकांवर पाणी मारत सुटली. पाणी भिंतीवर, पाणी रस्त्यावर, पाणी एका म्हाताऱ्याच्या टोपीत. तेव्हा पुढून आणि मागून कुठूनच हसू आलं नाही. गाव पुतळ्यासारखं बघत राहिलं. आमच्या विहिरींना तळ दिसत होते. एक म्हातारी हलक्या आवाजात म्हणाली, "बादली तरी धरा रं कुनीतरी खाली."

दुसरं रीळ वेगळं होतं. एक बारका माणूस शिडीवर चढून घराला चुना लावतोय. खालच्या दारातून घरमालक बाहेर येतो. घरमालक जाडजूड, भरघोस मिशांचा, स्वच्छ काळ्या कपड्यांत, लग्नाला निघालेला. बारका वळतो, शिडी हलते, चुन्याची बादली मालकावर. मालक काही न बोलता आत जातो, दुसरे कपडे घालून येतो, दारातून आधी वर बघतो. वर काही नाही. एक पाऊल टाकतो. बादली.

आता आमच्याकडची गोष्ट अशी की मामंजींच्या मिशा अशाच होत्या. अंगानंही ते तसेच. आणि कुठं जायचं असलं की उंबऱ्यात थांबून आधी वर आभाळाकडे बघायची त्यांना सवय होती. गावातला प्रत्येक माणूस ते रोज बघत होता. त्यामुळं मालक पहिल्यांदा वर बघायला थांबला तेव्हा पुढं चिडीचूप झालं. मामंजी पहिल्या रांगेत खुर्चीवर. हसायचं कसं? मागच्या रांगांमधून फक्त खोकल्याचे आवाज आले, बऱ्याच जणांच्या खोकल्याचे.

मालक तिसऱ्यांदा कपडे बदलून आला. या वेळी छत्री उघडूनच आला. तो वर बघतो, समाधान पावतो, छत्री मिटतो. बादली.

तेव्हा पुढून एक विचित्र आवाज आला. रहाटाच्या चाकाला खूप दिवसांत तेल नसावं आणि ते एकदम फिरायला लागावं तसा. मला वाटलं कुणाला ठसका लागला. आवाज थांबेना.

आत्याबाई माझ्या पुढंच, पडद्याला अगदी लागून बसलेल्या. त्यांनी कान दिला. "कोन गं हे?"

मी ऐकलं आणि म्हटलं, "मामंजी हायत, आत्याबाई."

"खोकत्यात?"

"हसत्यात."

मग त्या म्हणाल्या, "हसाया कवा शिकला ह्यो मानूस."

आणि स्वतः हसायला लागल्या. सिनेमाला त्या हसत नव्हत्या, त्यांचं तिकडं लक्षच नव्हतं. पुढून रहाट फिरला की इकडं त्या हसायच्या, तो थांबला की थांबायच्या. पदर मांडीवर, अंबाडा सुटलेला. लेकीनं आईचं हे रूप कधी पाहिलेलं नसावं, कारण ती सिनेमा सोडून आईकडेच बघत होती. इतकं हसू आलं की माणसाला धरायला काहीतरी लागतं. आत्याबाईंच्या तोंडासमोर माझ्या शिवणीचा दोरा लोंबत होता. त्यांनी तो धरला.

खालचा दोरा, ती सरळ रेघ, पोत्याच्या तोंडाच्या दोऱ्यासारखी निघून आली. काही आवाज झाला नाही. मधून सुरू होऊन शिवण दोन्हीकडे उसवत गेली आणि खालचं धोतर टोकांना बांधलेलं होतं म्हणून झोळीसारखं खाली लोंबलं.

वरच्या धोतरावर सिनेमा चालूच होता, कंबरेपासून वर. कंबरेपासून खालचा सिनेमा आमच्यावर आला. बारक्याचे पाय माझ्या लुगड्यावरून पळाले, ननंदेच्या अंगावरून गेले. मालकाचे बूट आत्याबाईंच्या गालावर येऊन थांबले. आमच्या मागच्या ओळीत एक जण तोंड उघडं टाकून बसली होती, तिच्या तोंडावर अर्धी बादली.

समोर सगळे पुरुष. पहिल्या रांगेत खुर्चीवर मामंजी, फेटा काढून मांडीवर घेतलेला, त्याच्या शेमल्यानं डोळे पुसत होते. आम्ही त्यांना बोडकं कधी पाहिलं नव्हतं. टक्कल पडलेलं मला माहीतही नव्हतं. पडद्यावरून परतलेला उजेड त्यांच्या तोंडावर होता आणि तोंडात हसू अजून चालूच होतं, कारण ते एकदम बंद करायची त्यांना सवय नव्हती.

आत्याबाईंचंही तसंच. हातात दोरा.

दोघं एकमेकांकडे बघत राहिले. किती वेळ, ते मला सांगता येणार नाही, पण मालक तेवढ्यात आणखी एकदा कपडे बदलून आला.

मग कर्ण्यातून ऑपरेटरचा आवाज आला, "पडदा धरा, पडदा." बायकांनी पदर ओढले, मामंजींनी फेटा जसा होता तसा डोक्यावर ठेवला. सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. पडदा कुणी शिवला हे गावासमोर सांगितलेलंच होतं. मी उठले. एका हातानं वरचं धोतर, एका हातानं खालचं, काठाला काठ लावून मधोमध उभी राहिले. एका कडेला ननंदेनं धरलं. पुढचा सगळा सिनेमा मी नुसता धरून काढला. पुढून बघणाऱ्यांना म्हणे प्रत्येक माणसाच्या पोटावर कुणाची तरी मूठ दिसत होती. त्यानंतर कुटुंब लहान ठेवण्याचा सिनेमा लागला तेव्हाही मी तशीच उभी होते. माझ्या मुठी त्या कुटुंबाच्या मधोमध होत्या.

"वैनी," पडद्याच्या कडेवरून ननंद म्हणाली, "मशीनचं चाक कुनीकडं फिरवायचं असतं वो, आपल्याकडं का पलीकडं?"

माझे हात भरून आले होते. मशीन गेलं, हे मला कळून चुकलं होतं. खिडकीजवळची जागा रिकामी झालेली मला उभ्या उभ्या दिसत होती. तिथं बहुतेक हंडा ठेवतील, असंही मनात आलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मामंजी जेवायला बसले. मी वाढत होते. आत्याबाई चुलीपाशी भाकरी थापत होत्या. ननंद उंबऱ्यात तांदूळ निवडत बसली होती. तिनंच सुरुवात केली.

"आई, मशीनचं काय करायचं मग? रात्री काय झालं ते समद्यांनी बघितलंच."

आत्याबाईंची भाकरी हातावर थांबली. मामंजींचा घास हातात थांबला. काय काय बघितलं ते सांगायचं म्हटलं तर कुठून सुरुवात करायची, हा प्रश्न होता. शिवण उसवली हे सांगायचं, तर दोरा कुणी ओढला हे सांगावं लागणार. दोरा का ओढला, हे सांगावं लागणार. मग मामंजी काय करत होते तेही आलंच.

मामंजी भाकरीचा तुकडा मोडत म्हणाले, "पडदा वाऱ्यानं उसावला."

आदल्या संध्याकाळी लिंबाचं पानसुद्धा हललं नव्हतं.

"व्हय," आत्याबाई तव्याकडे बघत म्हणाल्या. "वारा हुता."

"कुटं हुता वारा?" ननंद म्हणाली.

"तू तांदूळ निवड," आत्याबाई म्हणाल्या. "मशीन वाऱ्यानं बिघडत न्हाई. ऱ्हाऊ दे हितंच. तुला समई दिऊ, चांगली उभी."

असा निकाल लागला. ननंद वैशाखात समई घेऊन गेली. निघताना माझ्या गळ्यात पडून रीतसर रडली आणि कानात म्हणाली, "वैनी, तुमचं वारं लई गुनाचं निगालं."

मांडवात मामंजी तीच धोतरजोडी नेसून उभे होते. काठाला सुईच्या भोकांची रांग दिसत होती. पाहुण्यांपैकी कुणीतरी विचारलं तेव्हा ते म्हणाले, नवी तऱ्हा आहे, नगरला मिळते.

त्यानंतर मी शिवण शिकले. गर्व उतरला म्हणून नव्हे, तो माझा अजून उतरायचा आहे. पण वारा नसताना मशीन वाचवायला दुसऱ्यांदा वारा येणार नाही, एवढं मला समजलं. माहेरी गेले की क्लासच्या बाईंकडे जाऊन बसायची. बाईंनी आधी वरचा दोरा आवळायला शिकवलं, मग गाठ, मग परकर. आत्याबाईंची दुसरी चोळी शिवली. त्यांनी ती घातली, फळीवरचा डबा काढला, परत ठेवला, पुन्हा काढला.

पुढच्या हिवाळ्यात तीच मोटार पुन्हा आली. ऑपरेटर तोच. पडदा मात्र त्यांना अजून मिळाला नव्हता, अर्ज वरती गेलेला होता. मामंजींनी न विचारताच धोतरं काढून दिली. या खेपेला मी काठ आत दुमडले, दुहेरी टीप मारली, गाठी मारल्या, दोरे कापले. ओढून पाहिलं, बैल जुंपला असता तरी उसवलं नसतं. लाल पट्टा नाही, चुणी नाही. मुकी माणसं डोक्यापासून पायापर्यंत एकसंध.

आत्याबाई सिनेमाला येताना घरातला लाकडी स्टूल घेऊन आल्या. गुडघे दुखतात म्हणाल्या. गुडघे त्यांचे कधी दुखले नव्हते, रोज मैलभरावरून पाणी आणत होत्या. स्टूल त्यांनी पडद्याच्या बरोबर मधोमध, शिवणीला लागून ठेवलं. त्यावर बसल्यावर त्यांचे डोळे शिवणीच्या उंचीला आले. बारका पडला, उठला, पडला. बायका हसून हसून एकमेकींच्या अंगावर गेल्या. पुढून रहाटाच्या चाकाचा आवाज आला. आत्याबाई हसल्या नाहीत. अंगठ्याच्या नखानं त्या माझ्या शिवणीवरून हळूहळू, इकडून तिकडे, चाचपत होत्या.

घरी येताना त्यांनी स्टूल माझ्या हातात दिलं आणि म्हणाल्या, "शिवान आलं तुला आता."

कौतुक असं नसतं एवढं मला तेव्हाही कळलं. तक्रार कशाबद्दल होती ते कळायला मात्र मला रात्र जावी लागली, इतकी मी हुशार. सकाळी धोतरं उसवायला बसले, दुहेरी टीप काही केल्या निघेना, आणि सुई खुपसता खुपसता एकदम डोक्यात उजेड पडला. त्या स्टुलाची उंची मी मनात मोजली.

मोटार तिसऱ्यांदा आली तेव्हा मी पडदा शिवला तो पुन्हा दुहेरी टिपेनं, पक्क्या गाठींनी. फक्त मधोमध चार बोटं शिवण सोडली. सोडली म्हणजे दोन्ही बाजूंनी काज करतात तशी बांधून घेतली, पुढं उसवू नये म्हणून. मी आतापर्यंत केलेल्या कामांत ते सगळ्यात नीटस. पडदा ताणताना आत्याबाईंनी तिथं बोट घालून पाहिलं, माझ्याकडे पाहिलं नाही, आणि स्टूल सरकवून बसल्या.

सिनेमा सुरू झाला. थोड्या वेळानं पुढून एका माणसानं ऑपरेटरला विचारलं, "ओ सायेब, समद्यांच्या बेंबीत डोळा कशाचा हो दिसतोय?"

ऑपरेटर म्हणाला, "जुनं रीळ आहे."

तेवढ्यात पहिल्या रांगेत खुर्ची फरफटत सरकल्याचा आवाज आला. मामंजी बाजूला बसले होते, ते खुर्ची ओढत मधोमध आले. मग लगेच रहाट फिरायला लागला. पडद्यावर अजून कुणी पडलंसुद्धा नव्हतं.